आफ्रिकन असण्याची अट

नायजेरियातल्या लेगॉसमध्ये १९०६ साली आयना ओनाबोलू नावाच्या तरुणानं मिसेस स्पेन्सर सॅव्हेज या बाईंचं व्यक्तिचित्र काढलं. चित्र अगदी इंग्रजी वळणाचं आहे. कुठल्याही कलाशाळेत पाऊल न टाकलेल्या माणसानं ते काढलंय, हे कुणी सांगितल्याशिवाय कळत नाही. आज पाहणाऱ्याला त्यात ‘आफ्रिकन’ असं काही चटकन सापडत नाही आणि ओनाबोलूला नेमकं तेच हवं होतं. काळ्या माणसानं मुखवटे कोरावेत, समोर बसलेल्या माणसाचं हुबेहूब चित्र हे त्याचं काम नव्हे, असा गोऱ्या साहेबांचा समज होता. तो खोटा पाडायला एवढं एक चित्र पुरेसं होतं.

पुढे लंडन-पॅरिसमध्ये रीतसर शिकून ओनाबोलू परतला आणि लेगॉसच्या शाळांमधून यथार्थदर्शन शिकवू लागला. ते इतक्या निष्ठेनं, की मुलांनी त्याचं नावच ‘मिस्टर पर्स्पेक्टिव्ह’ ठेवलं. एकट्याला भार पेलेना, म्हणून त्यानं सरकारकडे आणखी एका शिक्षकाची मागणी लावून धरली. १९२७ साली केनेथ मरे हा इंग्रज शिक्षक आला आणि त्यानं उलटंच सुरू केलं. युरोपची नक्कल कशाला करता, आपल्या गावातली मडकी, कोरीवकाम, विणकाम पाहा, असं तो मुलांना सांगू लागला. म्हणजे आफ्रिकन चित्रकार युरोपियन तंत्राचा हट्ट धरून बसलेला आणि गोरा मास्तर परंपरेचा! मरेचा हेतू वाईट नव्हता. जुन्या वस्तू जपण्यासाठी त्यानं पुढे आयुष्य वेचलं. पण आफ्रिकन चित्रकारानं आफ्रिकन कसं दिसावं हे ठरवण्याचा अधिकार त्यानं आपल्याकडे घेतला, आणि हा प्रश्न तेव्हापासून त्या खंडातल्या कलावंतांची पाठ सोडत नाही. गेल्या शंभर वर्षांत त्याला मिळालेली उत्तरं बदलत गेली. विचारणारा मात्र बहुतेक वेळा बाहेरचाच राहिला.

मरेचाच विद्यार्थी बेन एन्वोन्वू दोन्ही दगडांवर पाय ठेवून उभा राहिला. लंडनच्या स्लेड स्कूलमध्ये तो शिकला. १९५० च्या दशकात राणी एलिझाबेथ त्याच्यासमोर बसली आणि त्यानं तिचा ब्राँझचा पुतळा घडवला. आपल्या इग्बो समाजातल्या मुखवट्यांचे नाचही त्यानं रंगवले. तरी ‘आफ्रिकन कलावंत’ ही चिठ्ठी त्याच्या कपाळावरून कधी निघाली नाही. ‘तूतू’ हे इफेच्या राजकन्येचं त्याचं चित्र बरीच वर्षं बेपत्ता होतं. ते लंडनमधल्या एका फ्लॅटमध्ये सापडलं आणि २०१८ साली लिलावात बारा लाख पौंडांना गेलं. अंदाज होता दोन ते तीन लाखांचा. पण ही बाजाराची गोष्ट झाली.

विचाराच्या बाजूनं खरी उडी पडली ती उत्तर नायजेरियातल्या झारिया गावी. तिथल्या सरकारी महाविद्यालयात कलेचा विभाग होता. अभ्यासक्रम इंग्लंडचा आणि शिकवणारेही बहुतेक तिकडचेच. १९५८ साली काही विद्यार्थ्यांनी झारिया आर्ट सोसायटी काढली. उचे ओकेके, डेमास न्वोको, ब्रूस ओनोब्राक्पेया, युसुफ ग्रिलो ही त्यातली नावं. वर्गात सांगितलेलं करायचं आणि वर्ग सुटल्यावर आपापल्या मुलखातल्या गोष्टी, देव, आकृती यांच्यावर वाद घालायचा, असा त्यांचा क्रम. पुढे त्यांना ‘झारियाचे बंडखोर’ म्हणू लागले. खरं तर वर्ग सोडून कुणी गेलं नव्हतं. हे बंड अभ्यासाच्या वहीतच झालं.

देश स्वतंत्र झाला त्याच साली, १९६० मध्ये, ओकेकेनं आपलं म्हणणं कागदावर मांडलं: स्वाभाविक समन्वय. जुन्यातलं आणि नव्यातलं, आपलं आणि परक्याचं, जे उपयोगाचं ते घ्यायचं, पण डोळे उघडे ठेवून. ऐकायला हे गुळमुळीत वाटतं. अशी समन्वयाची भाषा आपणही सत्काराच्या व्यासपीठांवरून पुष्कळ ऐकली आहे. ओकेकेचं वेगळेपण यात आहे, की त्याचा भर ‘निवड’ या गोष्टीवर होता. ओनाबोलूनं युरोपचं तंत्र हक्कानं मागितलं आणि मरेनं परंपरा शिक्षकाच्या अधिकारानं पुढे ठेवली. ओकेके म्हणत होता की यातलं किती घ्यायचं, काय टाकायचं, ते आम्ही ठरवू. स्वातंत्र्याच्या वर्षात याला राजकीय अर्थ होता, हे वेगळं सांगायला नको.

निवडायचं काय, याचं उत्तर त्याला घरातच मिळालं. त्याची आई उली काढायची. उली ही इग्बो बायकांची रेखाटनाची रीत. झाडाच्या शेंगांच्या रसानं एकमेकींच्या अंगावर नाजूक वळणाच्या रेषा काढायच्या आणि मातीच्या भिंतींवर रंगीत मातीनं तशाच, पण मोठ्या. अंगावरची उली आठवडाभरात पुसट होते. भिंतीवरची पावसात वाहून जाते आणि पुढच्या सणाला नव्याने काढावी लागते. आईकडून ओकेकेनं काय घेतलं ते १९६२ च्या ‘ओजा’ या रेखाचित्रमालेत दिसतं. गोगलगायीसारखी आत वळत जाणारी रेषा, मोजके ठिपके आणि भोवती बरीच मोकळी जागा. त्यात मुखवटे नाहीत, ढोल नाहीत. पर्यटकाला हवी असलेली आफ्रिका तिथे औषधालाही सापडत नाही.

मला यातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट वाटते ती उलीचं न टिकणं. मरेला परंपरा जपायची होती, संग्रहालयात ठेवायची होती. पण ओकेकेनं निवडलेली परंपरा मुळातच जपता येत नाही, ती पुन्हा पुन्हा करावी लागते. हे त्यानं मुद्दाम हेरलं होतं असा दावा मी करणार नाही. त्याच्यामागून आलेल्यांनी मात्र तो धागा बरोबर उचलला.

त्याच सुमारास इबादानमध्ये उल्ली बेयर आणि वोले सोयिंका यांच्यासारखे लोक लेखक-कलावंतांचा एम्बारी क्लब चालवत होते आणि ‘ब्लॅक ऑर्फियस’ हे नियतकालिक निघत होतं. सुदानचा इब्राहिम अल-सलाही, मोझांबिकचा मालांगताना यांच्याबरोबर त्याच्या पानांत गोव्याच्या साळगावचा फ्रान्सिस न्यूटन सूझाही होता. जे.जे.तून काढून टाकलेला आपला हा बंडखोर तिथल्या तरुणांना नातलगासारखा वाटला असेल, तर नवल नाही.

मग नायजेरियात बियाफ्राचं यादवी युद्ध झालं. १९७० मध्ये ते संपल्यावर ओकेके न्सुक्काच्या विद्यापीठात गेला आणि उली अभ्यासक्रमात आली. १९७५ मध्ये तिथे घानाचा एल अनात्सुई शिकवायला आला. हा इग्बो नाही, उली त्याच्या घरची नाही. तो घानातल्या बाजारातले लाकडी थाळे कोरून आलेला. न्सुक्कात त्यानं फुटक्या मडक्यांची शिल्पं केली, लाकडावर यांत्रिक करवत चालवली. नव्वदच्या दशकाच्या शेवटी त्याच्या हाती दारूच्या बाटल्यांच्या ॲल्युमिनियमच्या बुचांचं पोतं लागलं. बुचं चेपायची, पिळायची, तांब्याच्या तारेनं एकमेकांत गुंफायची. हजारो बुचांची मिळून भिंतभर चादर होते. ही दारू युरोपियन व्यापाऱ्यांबरोबर त्या किनाऱ्यावर आली होती, गुलामांच्या बदल्यातही दिली गेली होती, हे तो जाणून आहे. पण कामाची खरी गंमत पुढे आहे. या चादरीला ठरलेला आकार नाही. टांगणारे लोक तिला जशा चुण्या पाडतील तशी ती त्या वेळी दिसणार, पुढच्या ठिकाणी वेगळी दिसणार. न टिकणाऱ्या उलीचा विचार असा धातूत उतरला. २०१५ मध्ये व्हेनिस बिनालेनं अनात्सुईला जीवनगौरवाचा सुवर्णसिंह दिला.

मधल्या काळात बाहेरचा प्रश्न नव्या वेशात आला होता. १९८९ साली पॅरिसमध्ये ‘माजिस्यें द ला तेर’, म्हणजे पृथ्वीवरचे जादूगार, हे गाजलेलं प्रदर्शन भरलं. पाश्चात्त्य आणि इतर कलावंत प्रथमच बरोबरीनं मांडले, असा त्याचा लौकिक. त्याचं श्रेय नाकारता येणार नाही. पण आफ्रिकेतून जे निवडले त्यात पाटीचित्रकार, शवपेट्या घडवणारे सुतार, घरं रंगवणाऱ्या एस्तर मह्लांगू यांच्यासारखे कलाशाळेबाहेरचे लोक भरलेले. न्सुक्काच्या वर्गातून घडलेली परंपरा त्यात जवळजवळ दिसत नाही. भारतातून डहाणू भागातले वारली चित्रकार जिव्या सोमा मशे गेले, मिथिलेच्या बौआ देवी गेल्या. जे.जे. आणि बडोद्याची नावाजलेली मंडळी घरी राहिली. मशे तिथे असणं योग्यच होतं. पण शिकलेला चित्रकार ‘अस्सल’ नाही, या निकषाला मरेच्या शाळेचा वास येतो.

ब्रिटिश-नायजेरियन कलावंत यिंका शोनिबारेनं या निकषाची सुंदर टर उडवली. लंडनमध्ये शिकताना तो रशियातल्या घडामोडींवर चित्रं काढत होता, तर शिक्षकानं विचारलं, तू अस्सल आफ्रिकन का काढत नाहीस? शोनिबारे ब्रिक्स्टनच्या बाजारात गेला आणि भडक नक्षीचं ‘आफ्रिकन’ कापड घेऊन आला. हे कापड म्हणजे जावातल्या बाटिकची डचांनी यंत्रावर केलेली नक्कल, पश्चिम आफ्रिकेत खपलेली आणि तिथल्या बायकांनी आपलीशी केलेली. त्याचे व्हिक्टोरियन पोशाख शिवून त्यानं बिनडोक्याच्या पुतळ्यांना चढवले.

नायजेरियात जन्मलेल्या प्रदर्शन-संयोजक ओक्वी एन्वेझोरनं तर मंचच बदलला. जर्मनीतल्या कासेलला भरणाऱ्या डॉक्युमेंटा या समकालीन कलेच्या महाप्रदर्शनाचा, २००२ साली, तो पहिला आफ्रिकन संचालक. प्रदर्शनाआधी चर्चेची व्यासपीठं त्यानं नवी दिल्ली, लेगॉस अशा शहरांत नेली. आफ्रिकन कलावंताला दालनात जागा द्या, असं तो मागत बसला नाही. काय समकालीन हे ठरवणाऱ्या खुर्चीत तो स्वतः जाऊन बसला. ओकेकेच्या ‘आम्ही निवडू’चा हा पुढचा टप्पा.

तरी या ‘आम्ही’मध्ये एक भोक आहे. झारियाची ती सोसायटी प्रामुख्यानं पुरुषांची. तिथे शिकवणाऱ्या नायजेरियन चित्रकार क्लारा एत्सो उग्बोदागा-न्गू यांचं नाव बंडाच्या कहाण्यांत क्वचितच येतं. उली तर पूर्णपणे बायकांची. पुढे घरं सिमेंटची झाली, भिंतीवरची उली मागे पडली आणि विद्यापीठातल्या पुरुषांच्या सहीनं कागदावर राहिली. भिंती रंगवणाऱ्या बहुतेकींची नावं कुणी टिपून ठेवली नाहीत. एडा उडेचुक्वू यांच्यासारख्या मोजक्या स्त्रियांनी न्सुक्कात ती रेषा पुन्हा हातात घेतली, पण बऱ्याच उशिरा. आणि नायजेरियाच्या २० नायराच्या नोटेवर जी कलावंत आहे, ती या बंडातली नव्हेच. ती लादी क्वाली, मडकी घडवणारी.