फोन कोणाला लावायचा?

दिवाळीत कोहमाऱ्याला घरी गेलो होतो. फाट्यावरच्या सेवा केंद्रात धानाच्या नोंदणीसाठी रांग होती आणि नेट गेलं. हायवेलगत खोदकामात केबल तुटली, एवढंच कळलं. रांगेतले एक काका म्हणाले, "तू कम्प्युटरवाला ना बापू, मंग सांग, फोन कोनाले लावू?"

मला सांगता आलं नाही. लाइट गेली तर लाइनमन ठाऊक असतो, नळ आटला तर सरपंच सापडतो. नेटचं दार कुठं आहे?

आपण 'क्लाउड' म्हणतो, पण ते सगळं मातीत आणि पाण्यात आहे. जगाशी जोडणाऱ्या समुद्राखालच्या केबल्स मुंबईच्या किनाऱ्यावर वर येतात. २००८च्या जानेवारीत इजिप्तजवळ अशा केबल्स तुटल्या आणि भारतातलं नेट रखडलं. जून २०२३मध्ये कोल्हापुरात तणाव होता, तेव्हा सरकारी आदेशाने इंटरनेट बंद झालं. एक अपघात, दुसरा हुकूम. पण हातातल्या फोनवर दोन्ही वेळी तेच गोल फिरणारं चक्र.

मला वाटतं, केबल कोणाची हा दुय्यम प्रश्न आहे. जो थांबवू शकतो आणि ज्याला उत्तर द्यावं लागत नाही, खरी सत्ता त्याची. म्हणूनच जानेवारी २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने इंटरनेटबंदीचे आदेश प्रसिद्ध करायला सांगितलं, ते मला महत्त्वाचं वाटतं. निदान हुकूम देणाऱ्याला तरी नाव मिळालं.

कोणी म्हणेल, सगळं उघड केलं तर घातपात होईल. पण नकाशा कोण मागतंय? मार्च २०२३मध्ये 'कॉल बिफोर यू डिग' हे सरकारी ॲप आलं. खोदणाऱ्याला खाली कोणाची केबल आहे ते विचारता यावं, यासाठी. म्हणजे खोदणाऱ्यासाठी दार उघडता येतं. मग रांगेत उभ्या माणसासाठी का नाही?

यात मीही आहे. आमच्या ॲपमधली एक ओळ माझी आहे : 'काहीतरी चुकलं, पुन्हा प्रयत्न करा.' काय चुकलं, कोणाकडून, हे लपवणारी ओळ. काकांनी पुन्हा प्रयत्न केला. दुसऱ्या दिवशी, पुन्हा गाडीभाडं भरून.

पुण्याला परतल्यावर मी सुचवलं, त्या ओळीत कारण लिहू, कुणाशी बोलायचं तेही लिहू. उत्तर आलं, "युजरला एवढं कशाला?"

युजर म्हणजे ते काका. मी पुन्हा विचारणार आहे.