वर्तणूक : चांगली

शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेत ‘आमचे मानकरी’ हे पान सगळ्यांत आधी भरतं आणि भांडणंही त्याच पानावरून होतात. काही वर्षांपूर्वी अशाच एका समितीवर मला बसवलं होतं. शाळा तालुक्याच्या गावची. एक निवृत्त न्यायाधीश, तीन डॉक्टर, एक आमदार, अमेरिकेत स्थायिक झालेला एक इंजिनिअर ही नावं कुणी न विचारता पानावर जाऊन बसली. एका नावाशी मात्र सगळे अडखळले. गृहस्थ शाळेतून पहिले आलेले, पुढे सरकारी नोकरीत बरेच वर चढलेले आणि शेवटी लाच घेताना सापडलेले. त्यांनी शाळेला दोन खोल्या बांधून दिल्या होत्या, त्यामुळे पेच जरा जास्तच होता. क्लार्कने कपाटातून जुनं जनरल रजिस्टर काढून ठेवलं. आम्ही पानं उलटत राहिलो. नाव, जन्मतारीख, शाळा सोडल्याचं कारण, वर्तणूक.

त्या दिवसापासून कुठल्याही शाळेची नामवंतांची यादी पाहिली की मी आधी तिच्यात कोण नाही ते शोधतो. या खोडीला सर्वांत चांगलं खाद्य मला शिमल्याच्या बिशप कॉटन स्कूलने पुरवलं.

ही मुलांची निवासी शाळा अँग्लिकन पंथाची, म्हणजे इंग्लंडच्या राजसत्तेशी जोडलेल्या चर्च ऑफ इंग्लंडच्या परंपरेतली. अशा शाळेत प्रार्थनामंदिर आणि युनियन जॅक यांच्यात त्या काळी फारसं अंतर नसे. तिचा जन्मच मुळी 1857च्या सावटातला. बंड मोडलं, आपली माणसं वाचली, म्हणून देवाचे आभार मानण्यासाठी 28 जुलै 1859 रोजी प्रार्थना झाल्या आणि त्या दिवशीच्या देणग्यांतून शाळेची पायाभरणी झाली. संस्थापक जॉर्ज एडवर्ड लिंच कॉटन हे कलकत्त्याचे बिशप. त्याआधी ते इंग्लंडातल्या रग्बी शाळेत टॉमस अर्नोल्डच्या हाताखाली शिक्षक होते आणि नंतर मार्लबरोचे हेडमास्तर. ‘टॉम ब्राउन्स स्कूलडेज’ या कादंबरीतला तरुण मास्तर त्यांच्यावरूनच बेतला आहे असं मानतात. मार्लबरोत मुलांनी दंगा केला होता. ती मुलं कॉटननी खेळ आणि वरच्या वर्गातल्या मुलांचा कारभार यांच्या जोरावर वळणावर आणली. तीच घडी त्यांनी हिमालयात नेली. थोरल्या मुलाने धाकट्याला शिस्त लावायची, संघासाठी खेळायचं, रडायचं नाही. वाईटाला चांगुलपणाने जिंकावं, अशा अर्थाचं बायबलमधलं वचन शाळेचं ब्रीद झालं. 1866च्या ऑक्टोबरमध्ये कुष्टिया इथे आगबोटीवर चढताना फळीवरून पाय घसरून कॉटन नदीत पडले. त्यांचा देहही सापडला नाही.

शाळेची यादी भरघोस आहे. हिमाचलचे सहा वेळा मुख्यमंत्री झालेले वीरभद्र सिंह आहेत. रतन टाटा मुंबईच्या शाळांतून निघून काही काळ इथे होते. 1947 साली शाळेतल्या मुसलमान मुलांना शिमला सोडावं लागलं. त्या पिढीतले हुमायून खान पुढे पाकिस्तानचे परराष्ट्र सचिव आणि दिल्लीत उच्चायुक्त झाले. आणि अर्थात रस्किन बाँड. शाळेला आपल्या यादीत लेखक हवाच असतो. उद्योगपती पैसा देतो, मंत्री रस्ता करून देतो. पण शाळेला मन होतं हे दाखवायला लेखकच लागतो.

त्याच शाळेच्या सुरुवातीच्या वर्षांत रेजिनाल्ड डायर नावाचा मुलगा शिकत होता.

जन्म 1864चा, मरीचा. वडील बिअरच्या धंद्यातले. मुलगा अकराव्या वर्षापर्यंत इथल्या डोंगरांत वाढला, मग आयर्लंडच्या मिडलटन कॉलेजात गेला, पुढे सँडहर्स्ट, पुढे लष्कर. 13 एप्रिल 1919 रोजी जालियनवाला बागेत त्याच्या हुकमावरून सुमारे दहा मिनिटांत 1,650 गोळ्या झाडल्या गेल्या. सरकारी आकड्यानुसार मेलेले 379. काँग्रेसच्या चौकशीने हा आकडा याच्या कितीतरी वर नेला. त्या चौकशीत आपले मुकुंदराव जयकर होते, आणि सरकारने नेमलेल्या हंटर समितीत मुंबईचे चिमणलाल सेटलवाड. सेटलवाडांनी डायरला सरळ विचारलं : बोळ अरुंद नसता आणि चिलखती गाड्या आत नेता आल्या असत्या, तर मशिनगन चालवल्या असत्या का? उत्तर होकारार्थी होतं.

त्याच साक्षीतलं दुसरं एक उत्तर मला जास्त अस्वस्थ करतं. जमाव कदाचित गोळीबाराशिवायही पांगवता आला असता, हे डायरने कबूल केलं. पण मग लोक परत आले असते आणि मला हसले असते, असं तो म्हणाला. आपला मूर्खपणा ठरला असता.

हसले असते! चौपन्न वर्षांचा ब्रिगेडियर-जनरल, पन्नास रायफलींचा मालक, आणि भीती कशाची, तर हसण्याची. वसतिगृहात राहिलेल्या कुणालाही ही भीती सांगावी लागत नाही. तिथे मार सोसवतो. एकदा हसू झालं की वर्षभर टोपणनाव चिकटतं. अमृतसरमध्ये मिस शेरवुड या मिशनरी बाईंवर ज्या गल्लीत हल्ला झाला होता, तिथून येणाजाणाऱ्या हिंदी माणसांना डायरने पोटावर सरपटायला लावलं, आणि गल्लीत फटके मारण्याची तिकटी उभी केली. सगळ्यांसमोर, सगळ्यांना धडा मिळेल अशी. ही कल्पना रणांगणावरची नव्हे. कवाईतीच्या मैदानावर शाळा भरवून एका पोराला छडी मारतात, त्या घराण्यातली आहे.

इथे वाचक मला अडवील आणि ते बरोबरच आहे. अकराव्या वर्षी शाळा सोडलेल्या मुलाच्या पन्नाशीतल्या पापाचं खापर शाळेवर फोडायचं? नाही फोडायचं. माझं म्हणणं एवढंच, की मग वीरभद्र सिंहांचं श्रेयही घेऊ नये, आणि काही काळच शिमल्यात राहिलेल्या रतन टाटांचं तर नाहीच नाही. चांगलं झालं की ‘शाळेचे संस्कार’, वाईट झालं की ‘मुलगा लहान होता हो’, असा दुहेरी हिशेब आपल्याकडच्या संस्थाही मुरलेल्या मुनिमासारखा लिहितात. जमेची वही दर्शनी, खर्चाची कपाटात.

मधल्या खणात बसणारेही असतात. रॉय फॅरन घ्या. शिमल्याच्या याच शाळेतला, दुसऱ्या महायुद्धात पराक्रमाची पदकं मिळवलेला. 1947 साली जेरुसलेममध्ये तो दहशतविरोधी पथकात असताना अलेक्झांडर रुबोविट्झ हा सोळा वर्षांचा मुलगा पळवला गेला आणि पुन्हा दिसला नाही. जागेवर पडलेल्या टोपीत फॅरनच्या नावाशी जुळणारी अक्षरं होती. लष्करी न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं. पुढच्या वर्षी ‘आर. फॅरन’ या नावाने इंग्लंडातल्या घरी एक पार्सल आलं. ते उघडलं त्याच्या भावाने, रेक्सने. आत बॉम्ब होता. फॅरन नंतर कॅनडात जाऊन आल्बर्टा प्रांताचा मंत्री झाला. याला मानकऱ्यांच्या पानावर बसवायचं का? पदकांसाठी हो, टोपीसाठी नाही, मंत्रिपदासाठी पुन्हा हो? आमच्या समितीसमोर हा माणूस आला असता, तर दोनदा चहा मागवावा लागला असता.

आणि ज्याचं नाव घ्यायला कुणालाच संकोच नाही, त्या बाँडचं काय? त्याला शाळेने काय दिलं हे त्यानेच लिहून ठेवलं आहे, आणि ते एका रंगाचं नाही. ग्रंथालयाची किल्ली त्याच्याकडे असे. बाकीची मुलं मैदानावर असताना तो कपाटांमध्ये हरवून जाई. हे देणं मोठंच. पण 1944 साली त्याचे वडील कलकत्त्याला आजारपणात गेले तेव्हा तो दहा वर्षांचा होता. वडिलांची पत्रं हा त्याचा सगळा ठेवा. शाळेतल्या एका वडीलधाऱ्याने सांभाळून ठेवतो म्हणून ती आपल्याकडे घेतली. घरी जायच्या वेळी मुलगा मागायला गेला, तर त्या गृहस्थांना कसली पत्रं ते आठवेना.

त्या माणसाने ते मुद्दाम केलं असं मला वाटत नाही. शंभर मुलं, शंभर ट्रंका, त्यात एक गठ्ठा. पण किल्ली आणि हरवलेला गठ्ठा एकाच छपराखाली मिळाले, आणि बाँडच्या लिखाणात मागे राहिलेल्या, निघून गेलेल्या माणसांची जी चुटपूट आहे तिला यातलं नेमकं काय कारण झालं, हे कुठला हेडमास्तर सांगेल? शाळा हजार गोष्टी देते. त्यातल्या बहुतेक तिला देताना कळतही नाहीत. हसू होण्याची भीती सगळ्यांच्याच वाट्याला आली. एकाने ती ग्रंथालयात लपवली, एकाच्या हाती पुढे पन्नास रायफली आल्या. रायफली शाळेने दिल्या नव्हत्या. पण साम्राज्याला अशी पोरं हवी होती आणि ती पुरवण्यासाठी अशा शाळा हव्या होत्या, हेही 1859च्या त्या आभाराच्या प्रार्थनेत स्पष्टच होतं.

म्हणून माझं मत असं, की डायरचं नाव यादीत हवं. माफीनाम्यासह नको, काळ्या चौकटीतही नको; बाँडच्या नावाशेजारी, अकारविल्हे, तारखेसह. डायरच्या मृत्यूआधीच ‘मॉर्निंग पोस्ट’च्या वाचकांनी सव्वीस हजार पौंड जमवून त्याला मानकरी ठरवलं होतं. नंतरच्यांनी त्याला गाळलं. दोन्ही वेळा त्या मुलाकडे कुणी पाहिलंच नाही, तो जिथे बसे त्या बाकाकडेही नाही.

आमच्या समितीने शेवटी काय केलं? मी म्हणालो, नाव घ्या. सात विरुद्ध दोन मतांनी ते वगळलं गेलं. दोन खोल्यांवरची संगमरवरी पाटी मात्र राहिली. बैठक संपल्यावर क्लार्कने रजिस्टर माझ्यासमोर पुन्हा उघडलं आणि त्या नोंदीवर बोट ठेवलं. वर्तणूक : चांगली. प्रगती : समाधानकारक. वरच्या ओळीत तेच होतं, खालच्या ओळीत तेच. मी मागची दहा-बारा पानं चाळली. एकाच हाताचं, एकाच निळ्या शाईचं, टपोरं अक्षर.