सुवर्णदुर्गाखालचे पाणी

हर्णैच्या सुवर्णदुर्गावर 2 एप्रिल 1755 रोजी तोफा डागणारा कमोडोर विल्यम जेम्स आपल्या इतिहासात फार तर एखाद्या ओळीत येतो. सारे खापर फुटते ते नानासाहेब पेशव्यांच्या माथी: इंग्रजांना हाताशी धरून त्यांनी आंग्रे बुडवले, म्हणजे मराठ्यांचे आरमारच बुडवले. आरोप खरा आहे, पण अपुरा. पेशवे आणि तुळाजी आंग्रे यांचे का फाटले, एवढे विचारून भागत नाही. धनी आणि सरदार भांडले तर त्यात आरमाराचा बळी का जावा? याचे उत्तर शोधायला जेम्सची चाकरी पाहावी लागते.

जेम्सच्या पाठीशी घराणे नव्हते. वेल्सकडचा हा खलाशी 1747 मध्ये ईस्ट इंडिया कंपनीत आला आणि 1751 मध्ये तिच्या मुंबईच्या आरमाराचा प्रमुख झाला. सुवर्णदुर्गाची समुद्राकडून नाकेबंदी करावी, एवढाच त्याला मुंबईचा हुकूम होता. पेशव्यांची गलबते लांबच घुटमळत आहेत असे दिसल्यावर त्याने किल्ल्याभोवतीचे पाणी मोजून घेतले आणि 44 तोफांचे ‘प्रोटेक्टर’ थेट बंदुकीच्या टप्प्यात नेले. आतले दारूकोठार उडाले, किल्ला पडला. त्याच वर्षाच्या अखेरीस त्याने विजयदुर्गाचे पाणी मोजले आणि मोठी जहाजे तटाजवळ जाऊ शकतात असे कळवले. फेब्रुवारी 1756 मध्ये ॲडमिरल वॉटसन खाडीत शिरला तो या माहितीच्या बळावर. एका जहाजाला लागलेली आग पसरत गेली आणि आंग्र्यांचे आरमार नांगरल्या जागी जळाले. जेम्सने मोजलेली खोली जेम्सपाशी राहिली नाही, ती सरकारात जमा झाली आणि ज्याच्याशी त्याचे नातेगोते नाही अशा माणसाच्या कामी आली. उलट 1729 मध्ये कान्होजी गेल्यावर आरमार हा भाऊबंदकीचा विषय झाला. त्यांचे मुलगे संभाजी विजयदुर्गाला, मानाजी कुलाब्याला, आणि दोघांच्या भांडणात पेशवे. गलबते, गोद्या, तांडेल, किनाऱ्याची जाण, सगळे घराण्याच्या वाटणीत गेले. त्यामुळे तुळाजीला धडा शिकवायचा म्हणजे ते सगळेच मोडायचे, एवढीच वाट पेशव्यांना दिसली.

इंग्रज तरी काय निःस्वार्थी होते, असे कुणी विचारील. मुळीच नव्हते. विजयदुर्गावर सुमारे दहा लाखांची लूट हाती लागली, त्यात पेशव्यांना वाटा मिळाला नाही. किल्लाही इंग्रजांनी तहात बाणकोट पदरात पाडून घेतल्यावरच सोडला. पण लुटीत कुणाचा हिस्सा किती, हे मुंबईहून निघण्याआधीच बैठकीत ठरले होते. जमिनीवरच्या फौजेचा प्रमुख क्लाइव्ह याच्या वाट्यावरून तिथे कुरबूर झाली, तरी मोहीम अडली नाही. हाव दोन्हीकडे होती. तिला कायद्याच्या चौकटीत बांधणारी व्यवस्था एकीकडेच होती. आणि कसब गोऱ्यांपाशीच होते, हेही खरे नाही. मुंबईची गोदी उभी करणारे लवजी नसरवानजी वाडिया सुरतेहून आलेले होते.

समुद्राच्या या कथेशी यवतमाळच्या वाचकाचे काय नाते, असे वाटेल. 17 एप्रिल 1818 रोजी नानासाहेबांचा पुतण्या दुसरा बाजीराव याच जिल्ह्यातल्या पांढरकवड्याजवळ कर्नल ॲडम्सकडून हरला. सुवर्णदुर्गामुळे पांढरकवडा घडले, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. मध्ये पानिपत आहे, आपसातली यादवी आहे. तरीही पळणारा पेशवा आतल्या मुलखात वणवण फिरत होता आणि मुंबईची सागरी वाट अडवील असे कुणी किनाऱ्यावर उरले नव्हते, याची दखल घ्यावीच लागते.

सर्वांत सबळ आक्षेप आनंदराव धुळपांचा. विजयदुर्ग पेशव्यांकडे आला, तिथे धुळपांनी आरमार उभे केले आणि 1783 मध्ये इंग्रजांचे ‘रेंजर’ पकडून दाखवले. मग आरमार बुडाले कुठे? हा पराक्रम निर्विवाद आहे आणि त्याने मूळ मुद्दा पक्का होतो. धुळप पेशव्यांचे नेमलेले सुभेदार होते, त्यामुळे नेमणुकीवर चालणारे आरमार मराठी मुलखात रुजू शकत होते, हे त्यांनीच सिद्ध केले. नानासाहेबांना तेच तुळाजीच्या काळात, जळण्याआधीच्या गलबतांवर करता आले असते. वेल्सचा तो खलाशी पुढे कंपनीच्या संचालक मंडळाचा अध्यक्ष झाला. धुळपांच्या मागे सुभा त्यांच्या मुलाकडे गेला.