मत आणि विमानभाडे

मोशेच्या काळी शिरगणतीला प्रत्येकाने अर्धा शेकेल द्यायचा असे तोरेत आहे. श्रीमंताने अधिक नाही, गरिबाने उणा नाही. मताचाही न्याय हाच असावा.

शारजाच्या हमरिया फ्री झोनमध्ये राबणाऱ्या मराठी वेल्डरचे पाहा. २०१० च्या दुरुस्ती कायद्याने परदेशी राहणाऱ्या भारतीय नागरिकाचे नाव गावच्या मतदारयादीत येऊ शकते. मत मात्र पासपोर्ट घेऊन गावीच जाऊन द्यायचे. भाडे परवडेल तो देईल, बाकीचे गप्प. प्रतिनिधीमार्फत मतदानाचे विधेयक २०१८ मध्ये लोकसभेत संमत झाले, पण राज्यसभेत मंजूर न होता २०१९ मध्ये बारगळले.

आपल्या इस्रायलमध्येही सरकारी कामावरचे सोडले, तर परदेशातून मत देता येत नाही. निकालाचे फळ जो भोगणार नाही, त्याने निवड करू नये, असे म्हणतात. ते आम्हांस पटते. म्हणूनच भारताचे नागरिकत्व सोडून आलेल्या आपण तिकडचे मत मागत नाही. पण वेल्डरचे बिऱ्हाड गावी आहे, कमाई तिकडेच जाते आणि शेवटी तोही तिकडेच परतणार. फळ त्यालाच भोगायचे आहे. मग त्याच्या अर्ध्या शेकेलावर विमानभाडे का चढवावे?