रॉक इमर्सनचं घर

तुरुंगात असताना अमेरिकन नट चार्ल्स डटनला संडास साफ करायला सांगितलं, आणि त्यानं नकार दिला. शिक्षा म्हणून त्याला एकांतकोठडीत टाकण्यात आलं. सोबत एकच पुस्तक नेण्याची मुभा होती. हाताला लागलं ते त्यानं उचललं आणि तो निघाला कृष्णवर्णीय नाटककारांच्या नाटकांचा संग्रह. डग्लस टर्नर वॉर्ड यांच्या 'डे ऑफ अ‍ॅब्सेन्स' या नाटकानं त्याला धरून ठेवलं. त्यात एका सकाळी गावातले सगळे काळे लोक नाहीसे होतात, आणि गोऱ्यांना आपलं गाव चालवता येत नाही. कोठडीतून सुटल्यावर डटननं परवानगी मिळवून कैद्यांना घेऊन हे नाटक उभं केलं. पुढं येलची नाट्यशाळा, ऑगस्ट विल्सन यांची नाटकं, ब्रॉडवे. आणि 25 ऑगस्ट 1991 रोजी हाच माणूस फॉक्स वाहिनीवर आला तो बाल्टिमोरमधला कचरा उचलणारा कामगार म्हणून. बाल्टिमोर त्याचं जन्मगाव, आणि मालिकेचं नाव 'रॉक' हे त्याचं लहानपणापासूनचं टोपणनाव.

मालिकेतलं घर साधं आहे. रॉक इमर्सन महानगरपालिकेच्या कचरागाडीवर. बायको एलेनर नर्स. धाकटा भाऊ जोई वादक, कामाचा ठावठिकाणा नसलेला आणि सदा उसनवारीवर. वडील अँड्र्यू रेल्वेच्या शयनयान डब्यातले निवृत्त पोर्टर, माल्कम एक्सचे निस्सीम भक्त. 'रेल्वेतले पोर्टर' हे तपशील भरायला घातलेले शब्द नाहीत. ए. फिलिप रँडॉल्फ यांनी 1925 मध्ये उभारलेली पोर्टरांची संघटना 1937 मध्ये शयनयान डबे चालवणाऱ्या पुलमन या बलाढ्य कंपनीकडून करार मिळवू शकली. म्हणजे या घरातल्या दोन पिढ्या कष्टकऱ्यांच्या आहेत, आणि म्हाताऱ्याच्या ताठ मानेमागं संघटनेचा इतिहास उभा आहे.

मला या मालिकेत सगळ्यात जास्त आवडतो तो रॉकचा डोळा. लोकांनी टाकून दिलेल्या वस्तू तो घरी आणतो. एलेनरला कधीतरी दुकानातून आणलेली कोरी वस्तू हवी असते, तर रॉकला कळत नाही की धडधाकट वस्तूवर पुन्हा पैसे का घालायचे. तो एकेक डॉलर साठवतो, कारण त्याला एक भिंत शेजाऱ्याशी जोडलेलं का होईना, स्वतःचं घर घ्यायचंय. हसू येतं ते या ओढाताणीवर. त्याच्या कामाला कुणी हसत नाही. हा फरक मला फार मोलाचा वाटतो. कष्टकरी माणूस विनोदात आणणं सोपं असतं; त्याचं बोलणं, त्याचे कपडे, त्याचं अडाणीपण हसण्यासाठी तयारच असतं. 'रॉक'नं विनोद शोधला तो घरात येणाऱ्या आणि न येणाऱ्या पैशात. पगार आणि इच्छा यांच्यामधल्या त्या अरुंद जागेत माणसं कशी वागतात, हेच त्याचं कथानक होतं.

आमच्या सोसायटीत सकाळी कचरा घ्यायला येणाऱ्या ताईंकडे हाच डोळा आहे. ओला-सुका वेगळा करताना त्यांचा हात मध्येच थांबतो. परवा एक टेबलक्लॉक निघालं. त्यांनी ते कानाला लावलं, पाठीमागची झाकणी उघडली, सेलच्या पट्टीवरचा गंज नखानं खरवडला आणि म्हणाल्या, "ह्याला काय झालंय? अजून दहा वर्षं जाईल." घड्याळ पदराला पुसून त्यांनी पिशवीत वेगळं ठेवलं. ते ज्यानं टाकलं होतं, तो जिन्यावरून खाली येतच होता.

अमेरिकेत कचरा उचलणारा काळा माणूस ही प्रतिमा हलकी नव्हती. 1 फेब्रुवारी 1968 रोजी मेम्फिसमध्ये पावसापासून आडोसा घेतलेले दोन कामगार गाडीतल्या कचरा दाबणाऱ्या यंत्रात चिरडून मेले. सुमारे 1300 कामगार संपावर गेले. 'मी माणूस आहे' एवढंच लिहिलेले फलक त्यांच्या हातात होते. त्यांच्याच पाठीशी उभं राहायला आलेले मार्टिन ल्यूथर किंग 4 एप्रिलला त्या शहरात मारले गेले. ऑगस्ट विल्सन यांच्या 'फेन्सेस'मधला ट्रॉय मॅक्सन हाही कचरा उचलणारा. गाडी चालवायला फक्त गोरेच का, हा त्याचा प्रश्न. रॉक इमर्सन या रांगेतला माणूस आहे. दूरचित्रवाणीनं त्याला हसता येण्याजोगं घर दिलं, पण त्याची रांग मोडली नाही.

आणि नट तर थेट रंगभूमीवरून आले होते. डटन, वडील झालेले कार्ल गॉर्डन आणि जोई झालेले रॉकी कॅरोल हे तिघंही विल्सन यांच्या 'द पियानो लेसन'मध्ये एकत्र होते. पहिल्या पर्वात एक भाग थेट प्रक्षेपित करून पाहिला. तो जमला, तेव्हा 1992-93चं आख्खं दुसरं पर्व थेट झालं. पुन्हा घेणं नाही, कापणं नाही. अमेरिकेत पन्नासच्या दशकानंतर रात्रीच्या मुख्य वेळेतल्या लिखित मालिकेचं आख्खं पर्व असं कुणी केलं नव्हतं. संवाद पडला तर तो सावरायला सोबतचा नटच. कामगारांची गोष्ट सांगताना नटांनीही दर आठवड्याला घाम गाळलेला दिसावा, हे मला योग्य वाटतं. विषयांतही ही मालिका कचरली नाही. 1991 मध्येच रॉकच्या काकाचं एका गोऱ्या पुरुषाशी लग्न तिनं दाखवलं.

10 मे 1994 रोजी शेवटचा भाग झाला. तीन पर्वं, 72 भाग. प्रेक्षकसंख्या मोठी नव्हती हे खरं, पण बंद होण्याचं तेवढंच कारण मला पटत नाही. फॉक्स 1986 मध्ये सुरू झाली तेव्हा तीन जुन्या वाहिन्यांसमोर तिला जागा नव्हती, आणि त्या काळात काळ्या प्रेक्षकांनी तिला हात दिला. डिसेंबर 1993 मध्ये तिनं 1.58 अब्ज डॉलर मोजून अमेरिकन फुटबॉलचे चार वर्षांचे हक्क घेतले. आता तिला जाहिरातदारांसमोर दुसराच प्रेक्षक उभा करायचा होता. 1994 मध्ये 'रॉक', 'इन लिव्हिंग कलर', 'साउथ सेंट्रल' आणि विनोदी नट सिनबॅडची मालिका अशा चार कृष्णवर्णीय मालिका बंद झाल्या. 'साउथ सेंट्रल'मधल्या नोकरी गेलेल्या आईला तर जेमतेम दहा भाग मिळाले.

कामगाराचं घर लोकांना बघवत नाही, असं म्हणणाऱ्यांना 'रोझॅन' दाखवावी. गोऱ्या कष्टकरी कुटुंबाची ती मालिका 1988 पासून नऊ वर्षं चालली, आणि एका वर्षी देशात पहिली होती. म्हणजे गरिबीचा कंटाळा हे कारण नव्हे. कोणाची गरिबी आणि तिच्यापुढं कोणता माल विकता येतो, हा हिशेब असतो. प्रेक्षक हा वाहिनीचा ग्राहक नसतोच. तो जाहिरातदाराला विकला जाणारा माल असतो, आणि काही प्रेक्षकांचा भाव कमी लागतो. 'रॉक' पडली ती या बाजारात. तिची कला कुठंच कमी पडली नव्हती.

ज्या 1993 मध्ये फॉक्सचे हे सौदे होत होते, त्याच वर्षी पुण्यात कामगारनेते बाबा आढावांच्या साथीनं कचरावेचकांनी 'कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत' उभी केली. तेव्हापासून आपल्याकडे खाजगी मराठी वाहिन्या आल्या, रोज संध्याकाळी घरोघरी मालिका लागतात. पण त्यांतल्या घरात कचऱ्याचा डबा कुठं असतो, तो कोण उचलतं, हे मी शोधून थकलो. मला ती मालिका हवी आहे, आणि तिच्यासाठी बाल्टिमोरला जायची गरज नाही.

दुपारी ताई पोतं घेऊन भंगारवाल्याकडे जातात. तो पुठ्ठा ओला आहे म्हणतो आणि वजनातून दोन किलो कापायला बघतो. ताई पोतं उलटं करून एकेक पुठ्ठा त्याच्या गालाला लावतात. तो मागं सरतो, मग एक किलोवर येतो. ताई पदर खोचून काट्यासमोर बसतात, आणि मागच्या बायका आपापली पोती खाली ठेवून जवळ सरकतात.