अंडीचोर

परवा नातू डायनासोरांचे पुस्तक घेऊन माझ्यापाशी आला आणि एका चित्रावर बोट ठेवून म्हणाला, "आजोबा, हा अंडीचोर!" चित्रातला प्राणी तर अंड्यांवर कोंबडीसारखा बसला होता. चोर कधी असा बसतो का?

म्हणून त्याची हकीकत वाचली. १९२३ साली न्यूयॉर्कच्या एका संग्रहालयाची मंडळी मंगोलियातल्या गोबी वाळवंटात हाडे शोधीत होती. तिथे एका घरट्यातल्या अंड्यांवरच एक सांगाडा मिळाला. त्या भागात प्रोटोसेरॅटॉप्स नावाच्या डायनासोरचे सांगाडे विपुल. तेव्हा अंडीही त्याचीच, असे सर्वांनी गृहीत धरले. मग परक्याच्या घरट्यात हा कशाला आला? चोरीलाच! १९२४ साली ऑस्बर्न या शास्त्रज्ञाने नाव ठेवले 'ओव्हिरॅप्टर', म्हणजे अंडी पळवणारा. हे नाव कदाचित दिशाभूल करील, अशी शंका त्याने त्याच लेखात नोंदवली होती. शंका लोक विसरले. नाव तेवढे उरले.

सत्तर वर्षांनी, १९९३ साली, गोबीतच तशा एका अंड्यात चिमुकला गर्भ सापडला. तो ओव्हिरॅप्टरच्याच कुळातला निघाला. त्याच सुमारास त्या कुळातला एक सांगाडाही मिळाला. दोन्ही हात पसरून, घरटे कवेत घेऊन बसलेला. तसाच तो वाळूखाली गाडला गेला होता. ज्याला चोर म्हटले, तो बहुधा आई किंवा बापच होता.

वाचता वाचता मला आमच्या घरी कामाला असलेला एक मुलगा आठवला. मी तेव्हा नऊ वर्षांचा. दिवाळीत फराळाच्या डब्यापाशी तो दिसला आणि मी "चोर, चोर" म्हणून ओरडलो. डबा माळ्यावर ठेवायला आईनेच त्याला सांगितले होते, हे संध्याकाळी कळले. तोवर आळीतल्या पोरांनी त्याचा 'लाडूचोर' करून टाकला होता. गाव सोडीपर्यंत बिचाऱ्याला तीच हाक ऐकावी लागली. खरे काय ते मला ठाऊक होते, पण मी एकदाही कुणाला थांबवले नाही.

"मग याला अजून चोरच का म्हणतात?" नातवाने विचारले.

प्राण्याला आधी दिलेले नाव कायम राहावे, असा शास्त्राचा नियम आहे, असे मी त्याला सांगितले. शास्त्रज्ञांनी चूक तरी जगापुढे कबूल केली. नाव बदलायला त्यांना नियम आडवा आला. मला कोणता नियम आडवा आला होता?