तिने हुद्दा विचारला नव्हता

बस. आधी तो मोबाइल उपडा ठेव. पन्नाशीला आलास म्हणून मी तुला 'अहो' म्हणेन, या भ्रमात राहू नकोस.

बायको मुलाकडे पुण्याला, नंदुरबारचं घर खायला उठतं, हे मला तीनदा ऐकवलंस. मग त्यावर उतारा म्हणून धडगावकडच्या आश्रमशाळेत वह्या घेऊन गेलास, पोरं उन्हात रांगेत बसवलीस, फोटो काढलेस. आणि आता तक्रार करतोस, 'सर, पोरं बोललीच नाहीत.' का बोलावं त्यांनी? तू त्यांचा कोण लागतोस?

एक मुलगी बोलली होती. तूच सांगितलंस. 'तुला काय येतं?' असं तिने विचारलं आणि तू हुद्दा सांगितलास! अरे, झाडावर चढता येतं का, मासे धरता येतात का, गाणं येतं का, हे विचारत होती ती. तुझ्या हाताशी हुद्द्याशिवाय काही उरलेलंच नाही. घर रिकामं झालं ते आता, तू केव्हाच झाला होतास. आठवीत बासरी बरी वाजवायचास. कुठे आहे ती?

त्या मुलीला काही विचारलंस? सातपुड्याच्या पाड्यावरून आलेली पोर, आईविना वसतिगृहात झोपते. तिच्यासारख्या कितीकांचे आईबाप ऊसतोडीला गुजरातेत. घरची बोली पावरी नाहीतर भिलोरी, पुस्तक मराठी. होळीला घरी जायची वाट बघत दिवस काढतात. आणि तू त्यांच्याकडे स्वतःचं एकटेपण घालवायला गेलास! लाज वाटू दे थोडी.

पोरांकडे कसं जायचं, ते ऐक. अनुताई वाघ 1945 साली बोर्डीला ताराबाई मोडकांकडे गेल्या, तेव्हा पस्तिशीच्या होत्या, बालविधवा. ताराबाईंनी पन्नाशी ओलांडलेली. गरिबांची पोरं बालवाडीत येईनात, तेव्हा या बायांनी बालवाडीच उचलून त्यांच्या वस्तीतल्या अंगणात नेली. आजची अंगणवाडी त्यातूनच उभी राहिली. 1957 पासून कोसबादला वारल्यांच्या मुलांत राहिल्या. (हे वर्गात सांगितलं होतं. तू खिडकीबाहेर बघत होतास.)

येत्या रविवारी मुख्याध्यापकांना विचारून पुन्हा जा. वह्या नकोत, फोटो नकोत. बासरी ने. सूर चुकला तर पोरं हसतील, हसू दे. पाण्याला, भाकरीला पावरीत काय म्हणतात ते त्यांच्याकडून शिक, चुकलास तर पुन्हा विचार. नावं पाठ कर. आणि दर रविवारी जायचं. दोन महिन्यांत कंटाळणार असशील, तर आत्ताच सांग आणि जाऊच नकोस.